बाल्यास, कॅसेटीबद्दल

प्रिय बाल्या,

चार महिन्यांत तुझे दोन फोन आले, मी एकही उचलला नाही. रागावून नाही गड्या. जे सांगायचं होतं ते फोनवर तोंडातून निघत नव्हतं, म्हणून हे कागद-पेन. तब्येत ठीक. शुगर होती तिथंच आहे.

आपली कंपनी सापडली.

पोळ्याआधी माळ्यावरच्या फुटक्या कोठीत हात घातला तर ती लाल हिशेबवही, अन् तिच्या पोटात कॅसेट. पहिल्या पानावर तुझं अक्षर: "इतर विश्वांतील संगीत तयार करून मिळेल." नावाची जागा कोरी. नावावरून अडीच महिने भांडलो अन् शेवटी बिननावाचीच चालवली, आठवते? तुला त्यात 'आंतरराष्ट्रीय' पाहिजे होतं. लेका, आपला धंदा विश्वाबाहेरचा अन् तू देशाच्याच हद्दी मोजत बसला.

वाचताना एकटाच हसत होतो. विश्व क्रमांक ४: आपल्या खारपाणपट्ट्यातल्या विहिरींना गोडं पाणी लागलं, म्हणून पाणी शेंदायचं गाणं संथ, बायांना कुठं दूर जायची घाई नाही. क्रमांक ७: पऱ्हाटी गाते, बोंडअळी ऐकून मरते. क्रमांक ११ मध्ये गणिताचे सर तबला वाजवतात अन् त्यांना सम सापडत नाही. त्या पानाच्या छड्या मी खाल्ल्या, तू नाही. हेही नोंदवून ठेव.

अन् क्रमांक १. १९९४ च्या एप्रिलात आपल्या शकुंतला गाडीचं वाफेचं इंजिन काढून डिझेल लावलं, तेव्हा तू तीन दिवस धड जेवला नव्हता. मँचेस्टरला १९२१ साली बनलेलं इंजिन ते, अन् तू सुतक पाळत होता. मग तूच म्हणाला, एखाद्या विश्वात ते अजून धावत असंल, आपण त्याचा आवाज काढू. कंपनी तिथून निघाली. मी डालड्याच्या डब्यावर चाकं धरली, तू बाटलीत फुंकून शिटी दिली. शिटी बेसूर आहे बे. तेव्हाही म्हटलं होतं, आता पुराव्यानिशी म्हणतो.

किती वेळ टाळू? ती कॅसेट कोरी नव्हती.

तुला कोरी म्हणून दिली ती मी. तुझ्या बाबांची, काकाजींची होती, खंजिरीच्या भजनांची. कोणी पुसू नये म्हणून त्यांनी मागच्या कडेच्या दोन्ही टिकल्या स्वतः मोडून ठेवल्या होत्या. मी त्या भोकांत टेलर मास्तरांच्या सिगारेटच्या पाकिटातला चांदीचा कागद कोंबला अन् लाल बटण दाबलं गेलं. पुढं काकाजींनी कॅसेट विचारली, तू मार खाल्ला, अन् आळ घेतला ढोमण्यावर. दोन वर्षं तू त्याच्याशी बोलला नाही. मी दोघांच्या मध्ये बसून दोघांचेही आलुबोंडे खात होतो.

मास्तरांचा जुना टेप मागून आणला अन् लावली. साठची कॅसेट, एका बाजूला तीस मिनिटं. एक बाजू आपण काठोकाठ भरली आहे. दुसऱ्या बाजूला शकुंतला मूर्तिजापूरहून निघते अन् साडेसव्वीस मिनिटांत यवतमाळला पोचते. (खऱ्या गाडीला अख्खा दिवस जायचा.) तू "आलं रे टेशन" ओरडतो, बटण खटकते. मी बंद करायला हात नेला, तर थोडी खरखर, अन् खंजिरी.

काकाजी. ओळीच्या मधातूनच सुरू. आपल्या गाडीखाली आले ते गेले, पण गाडी थांबली तिथून पुढचे ते तसेच बसून होते. शेवटी खोकले. खंजिरी खाली ठेवली, तिच्या चकत्या वाजतात ना, तेवढं ऐकू आलं. अन् म्हणाले, "बाल्या, वात वर कर बे, पान दिसून नाही राह्यलं." फीत संपली.

त्यानंतर पुन्हा लावली नाही. त्या एका वेळातच टेपानं फीत चावली, सुरुवातीला, तुझ्या शिटीपाशी (त्यालाही सूर कळतो). पेन्सिल घालून गुंडाळून घेतली. पुतण्या म्हणतो मोबाइलवर उतरवू, पाच मिनिटांचं काम आहे. त्याला पाच मिनिटांचं आहे.

पोरगी अमरावतीला फिजिक्स शिकते. तिला कंपनीचं सांगितलं, कॅसेटीचं नाही. ती म्हणाली, ही समांतर विश्वांची कल्पना ह्यू एव्हरेट नावाच्या अमेरिकनानं १९५७ साली मांडली, पण ती विश्वं एकमेकांशी बोलू शकत नाहीत. म्हणजे धंदा मुळातच बुडीत. त्या एव्हरेटचा पोरगा बँड चालवतो म्हणे. बाप गेल्यावर कितीतरी वर्षांनी पोराच्या घरात जुनी टेप निघाली, तीत बाप बोलतोय अन् मागं याच पोराचे लहानपणीचे ड्रम. ती हसत सांगत होती. मी बैलाचं निमित्त करून गोठ्यात गेलो.

परवा तुझी माय आमच्या ओट्यावर तुरीच्या शेंगा सोलत होती. मधेच म्हणाली, "बुढ्याचा फोटू हाये, आवाज नाही राह्यला कुठं." मी मान वर केली नाही. लावून द्यावी वाटते, पण मग कुठून आली ते सांगावं लागंल, अन् तिनं रोज मागितली तर फीत किती दिवस टिकंल? अन् वात वर करायला तुला सांगितलंय, मला नाही. पहिले तूच ऐक.

तुझी बदली नाशिकला झाली असं ढोमण्या म्हणाला. हो, तो चौकशी करतो तुझी. पोराच्या बारावीचं कळव, वहिनींना नमस्कार.

चांदीचा कागद काढून कॅसेट देवघरात ठेवली आहे. चांगला टेप मिळाला तर घेऊन येजो. माझ्यावर हात उचलायचा असंल तर माय झोपल्यावर उचलजो.

तुझा,
गज्या

ता. क. ढोमण्याला तू सांगतो की मी?