संकलकाचं नाव का गळतं?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला पेद्रो आल्मोदोवार यांच्यावरचा लेख दोनदा वाचला. या स्पॅनिश दिग्दर्शकाचा लाल रंगाचा सोस, त्याच्या नायिका, संगीत, सगळं आलं होतं. पण पानभर मजकुरात होसे साल्सेदो हे नाव एकदाही नव्हतं. म्हणून हे पत्र.

साल्सेदो हे आल्मोदोवार यांचे संकलक, म्हणजे एडिटर. १९८० च्या 'पेपी, लूसी, बोम'पासून २०१६ च्या 'हुलिएता'पर्यंत, ३६ वर्षांत आलेले २० चित्रपट त्यांच्या हाताखालून गेले. दोघांचं जन्मवर्ष एकच, १९४९, आणि प्रांतही एकच, सिउदाद रेआल. सप्टेंबर २०१७ मध्ये साल्सेदो माद्रिदमध्ये वारले. इतका दीर्घ सहवास ज्याला लाभला, त्याच्यासाठी लेखात एक ओळ निघायला हवी होती.

मी सांगलीत २२ वर्षं लग्नाच्या शूटिंगचं एडिटिंग करतो. पाठवणीच्या प्रसंगाचं तीन कॅमेऱ्यांचं फुटेज समोर असतं. मुलगी गाडीत बसते, दार लागतं, आणि आईचा हात अजून काचेवरच असतो. तो हात सुटेपर्यंत थांबायचं, की त्याआधीच गाडी निघालेली दाखवायची? दोन सेकंद आधी तोडलं, तर घरचे म्हणतात, 'काहीतरी राहिलंय हो.' काय राहिलंय, ते त्यांना सांगता येत नाही. मला मात्र ठाऊक असतं.

म्हणूनच 'तोदो सोब्रे मी माद्रे' (१९९९) मधला अपघात पाहिला, तेव्हा मी तेवढाच भाग पुन्हा पुन्हा लावला. वाढदिवसाची रात्र, पाऊस, नाटक सुटलेलं. अभिनेत्रीची सही हवी म्हणून मुलगा तिच्या टॅक्सीमागे धावतो. गाडीची धडक आपल्याला नीट दिसतही नाही. तडकलेली काच दिसते आणि मग रस्ताच आडवा होतो, कारण आता आपण त्या पडलेल्या मुलाच्या डोळ्यांनी पाहतोय. त्या आडव्या जगात आई पावसातून धावत येते. इथे मुलाचा चेहरा दाखवण्याचा मोह कुणालाही झाला असता. तो आवरला, म्हणून आईची हाक थेट आपल्याला येते. दिग्दर्शकाने ते योजलं असेल, कॅमेऱ्याने टिपलं असेल. पण कुठला तुकडा किती वेळ राहणार, ते संकलनाच्या टेबलावर ठरतं. या संकलनासाठी साल्सेदोंना गोया, म्हणजे स्पेनचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार, मिळाला. त्यांचे असे तीन गोया, आणि त्यांतला एक तर आगुस्तीन दियास यानेस या दुसऱ्याच दिग्दर्शकाच्या १९९५ च्या चित्रपटासाठी. मानुएल गुतिएर्रेस आरागोन यांचेही चित्रपट त्यांनी संकलित केले. तेव्हा ते एकाच्याच छायेत वाढले, असंही म्हणता येत नाही.

आल्मोदोवार यांना या कामाचं मोल पुरेपूर कळत होतं. 'लोस आब्रासोस रोतोस' (२००९) ची गोष्टच त्यावर उभी आहे. मत्सराने पेटलेला निर्माता सूड म्हणून दिग्दर्शकाचा चित्रपट प्रत्येक शॉटचा सगळ्यात वाईट टेक निवडून जोडतो आणि प्रदर्शित करतो. नट तेच, संवाद तेच, पण चित्रपट मातीत जातो. दिग्दर्शकाची दृष्टी अपघातात गेलेली असते. पुढे कित्येक वर्षांनी मूळ फुटेज हाती लागतं आणि तो चित्रपट नव्याने जुळवला जातो. या चित्रपटाचे संकलकही साल्सेदोच.

स्पॅनिश श्रेयनामावलीत या कामाला 'मोन्ताहे' म्हणतात, म्हणजे जुळवणी. आपला 'संकलन' हा शब्दही तोच अर्थ सांगतो. तरी बोलताना आपण 'कापाकापी'च म्हणतो. मला हे फार लागतं.

विनंती एवढीच, की चित्रपट परीक्षणात आणि पणजीच्या इफ्फी चित्रपट महोत्सवाच्या वृत्तान्तात दिग्दर्शकासोबत संकलकाचंही नाव छापावं. अर्धी ओळ पुरेल. आणि साल्सेदोंच्या पश्चात आल्मोदोवार यांचे चित्रपट ज्या संकलित करतात, त्या तेरेसा फोन्त यांच्यावर एक स्वतंत्र लेख जरूर यावा. २०१९ च्या 'दोलोर इ ग्लोरिया'साठी त्यांना गोया मिळाला, पण त्याच्या पंचवीस वर्षं आधीच्या, इमानोल उरिबे यांच्या 'दियास कोन्तादोस'साठीही मिळालेला होता.

आपला,
एक वाचक, सांगली