हेपबर्नचा चेहरा, मार्नी निक्सनचा गळा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीतला हॉलिवूडची अभिनेत्री ऑड्री हेपबर्नवरचा लेख वाचला. लेख जीव ओतून लिहिला आहे. मात्र ‘माय फेअर लेडी’तली गाणी तिने ‘आपल्या गोड गळ्याने गायली’, असे त्यात म्हटले आहे, ते बरोबर नाही. 1964 च्या त्या चित्रपटात एलायझाच्या, म्हणजे हेपबर्नने केलेल्या नायिकेच्या, तोंडची बहुतेक गाणी मार्नी निक्सन या अमेरिकन गायिकेने गायली आहेत. श्रेयनामावलीत तिचे नाव नाही. निदान आपल्या अंकात तरी ते यावे, म्हणून हे पत्र.

मी अनेक वर्षे ध्वनिमुद्रणात कोरसमध्ये गायले आहे. मुख्य गायिका येण्याआधी ‘डमी’ गाऊन ठेवायचे कामही केले. त्यामुळे निक्सनबाईंच्या कामाची अवघड बाजू मला चांगली कळते. ती निव्वळ नक्कल नव्हती. समोरची नटी श्वास कुठे घेते, शब्दाचा शेवट दाबते की सोडून देते, तिचे उच्चार कोणत्या वळणाचे आहेत, हे सगळे आपल्या गळ्यात उतरवायचे आणि वर सुरात राहायचे. पु. लं.च्या ‘ती फुलराणी’मुळे एलायझा आपल्याला घरचीच वाटते. तिचे ‘जस्ट यू वेट’ हे गाणे एकदा कान देऊन ऐका. सुरुवातीचा चिडका, फणकाऱ्याचा भाग हेपबर्नच्याच आवाजात आहे. मध्येच एलायझा आपण प्रसिद्ध होण्याची स्वप्ने रंगवू लागते, चाल वर चढते आणि तिथे निक्सन येते. ठाऊक नसलेल्याला ही जोड चटकन कळणार नाही.

याआधी 1956 मध्ये ‘द किंग अँड आय’साठी त्यातली नायिका डेबोरा कर आणि तिच्यासाठी गाणारी निक्सन यांनी बरोबर बसून तालीम केली होती. आवाज कोणाचा हे बाहेर फुटले तर हॉलिवूडमध्ये पुन्हा काम मिळणार नाही, अशी तंबी स्टुडिओने निक्सनला दिली होती. पुढे खुद्द करबाईंनीच पत्रकारांपुढे तिचे नाव घेतले. मला त्यांचे फार कौतुक वाटते. 1961 च्या ‘वेस्ट साइड स्टोरी’त मात्र नायिका नॅटली वुडला आपलाच आवाज राहणार असे भासवले गेले. तिने स्वतःच्या गाण्यावर चित्रीकरण केले आणि नंतर पडद्यावरच्या तिच्या ओठांकडे बघत निक्सनला गावे लागले. ज्याने हे कधी केले आहे त्याला यातली दमछाक सांगायला नको. त्या ध्वनिमुद्रणाच्या विक्रीतून निक्सनला काहीच मिळणार नव्हते. तेव्हा संगीतकार लेनर्ड बर्नस्टाइन यांनी स्वतःच्या मानधनातला पाव टक्का तिला लिहून दिला.

दोष हेपबर्नचाही नव्हे. तिने एलायझाची गाणी मेहनतीने बसवली होती, ध्वनिमुद्रितही केली होती. त्यातली बहुतेक नंतर बदलण्यात आली. ऑस्करसाठी तिला नामांकनसुद्धा मिळाले नाही. गळा उसना घेतल्याची शिक्षा तिला, आणि ज्या बाईचा गळा तिचा कुठे उल्लेख नाही, हा दुहेरी अन्याय आहे असे मी मानते.

आपल्याकडेही सुरुवात अशीच होती. 1949 च्या ‘महल’मधल्या ‘आयेगा आनेवाला’च्या तबकडीवर गायिका म्हणून ‘कामिनी’ हे पात्राचे नाव छापले होते. श्रोत्यांनी रेडिओकडे विचारणा करून करून लताबाईंचे नाव काढून घेतले. 1959 मध्ये पार्श्वगायनाला फिल्मफेअरचा पुरस्कारही सुरू झाला. श्रोत्यांनी हट्ट धरला म्हणून आपल्याकडे आवाजाला नाव मिळाले, याचा मला अभिमान आहे.

1965 च्या ‘द साउंड ऑफ म्युझिक’मध्ये सिस्टर सोफियाच्या छोट्या भूमिकेत निक्सनबाई प्रत्यक्ष पडद्यावर दिसतात. आधुनिक शास्त्रीय संगीताच्या मैफलींतही त्यांचा दबदबा होता. शॉनबर्ग या आधुनिक संगीतकाराच्या अवघड रचना त्या गात. 2016 मध्ये त्या गेल्या.

कृपया पुढच्या रविवारी पुरवणीत ही दुरुस्ती छापावी, आणि नुसत्या कोपऱ्यातल्या एका ओळीत नको. यापुढे गाण्याचा उल्लेख येईल तिथे पडद्यावरच्या नटीबरोबर गाणारीचेही नाव द्यावे, अशी आपल्या लेखकांना आग्रहाची विनंती करावी.

आपली,
एक निवृत्त कोरस-गायिका