युद्ध न्याय्य असले, तरी हात स्वच्छ नसतात

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

युद्धाबद्दल आपल्या अंकांत अलीकडे बरीच पत्रे आली. 'दुसरा गाल पुढे करा' ही शिकवण भेकडांची आहे, असे एका वाचकाने लिहिले. दुसऱ्याने लिहिले, की क्रुसेड, म्हणजे जेरुसलेमसाठीची मध्ययुगीन धर्मयुद्धे, लढणाऱ्यांच्या वारसांनी जगाला शांतता शिकवू नये. मी ख्रिस्ती आहे. एकतीस वर्षे रविवारच्या शाळेत मुलांना शास्त्र शिकवले. दोन्ही पत्रे जिव्हारी लागली, आणि दुसऱ्या पत्रातला राग रास्त आहे हेही आधीच सांगतो.

गालाविषयी थोडक्यात. येशूला महायाजकापुढे उभे केले तेव्हा एका शिपायाने त्याला चपराक मारली. येशूने ना हात उचलला, ना मान खाली घातली. मी वाईट बोललो असेन तर दाखवून दे, नाही तर मला का मारतोस, असे त्याने त्या शिपायालाच विचारले. योहानाच्या शुभवर्तमानात अठराव्या अध्यायात हे आहे. भेकड माणूस हा प्रश्न विचारत नाही.

मला लिहायचे आहे ते दुसऱ्याच गोष्टीबद्दल. एका रविवारी वर्गात गेथशेमाने बागेचा धडा चालला होता. येशूला पकडायला लोक येतात, येशूचा शिष्य पेत्र तलवार उपसून महायाजकाच्या दासाचा, मल्खाचा, उजवा कान छाटतो. येशू म्हणतो, "तुझी तलवार परत जागच्या जागी घाल, कारण तलवार धरणारे सर्व जण तलवारीने नाश पावतील." दहा वर्षांचा एक मुलगा उठून उभा राहिला. त्याचे वडील सैन्यात होते. "सर, माझ्या बाबांकडे बंदूक आहे. मग बाबांचं काय होणार?"

मी म्हणालो, "बाबा देशासाठी करतात ना? देवाला ते कळतं." मुलगा खाली बसला. त्याचे समाधान झालेले नव्हते. माझेही नव्हते. पुढचे कित्येक महिने मी सापडेल ते वाचत होतो.

शास्त्रात सरळ उत्तर मिळत नाही. सैनिकांनी बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाला विचारले, आम्ही काय करावे? त्याने नोकरी सोडा म्हटले नाही. जुलूम करून पैसे काढू नका, आपल्या पगारात तृप्त असा, एवढेच सांगितले. शताधिपती, म्हणजे शंभर सैनिकांवरचा रोमी अधिकारी, असलेल्या कर्नेल्याचा पेत्राच्या सांगण्यावरून बाप्तिस्मा झाला, पण त्याने पुढे तलवार ठेवली की टाकली, यावर शास्त्र गप्प आहे. तर्तुलियनसारखे सुरुवातीचे आचार्य मात्र ठाम होते. पेत्राची तलवार काढून घेताना प्रभूने प्रत्येक सैनिकाचा कमरपट्टा सोडवला, म्हणजे त्याला निःशस्त्र केले, असे तर्तुलियन लिहितो. इ.स. २९५ मध्ये उत्तर आफ्रिकेत मॅक्सिमिलियन नावाच्या एकवीस वर्षांच्या तरुणाला भरतीसाठी उभे केले. त्याची उंची मोजली, पाच फूट दहा इंच. गळ्यात सैनिकाची खूण असलेली शिशाची मोहर घालायला घेतली तेव्हा त्याने नकार दिला. मी ख्रिस्ती आहे, मला सैनिक होता येत नाही, एवढेच तो पुन्हा पुन्हा म्हणत राहिला. त्याचा शिरच्छेद झाला.

मग चौथ्या शतकात रोमन सम्राटच ख्रिस्ती झाला आणि प्रश्न उलटला. आता राज्य सांभाळायचे होते. ऑगस्टीनने, आणि पुढे तेराव्या शतकात थॉमस अक्वायनसने, युद्ध कधी न्याय्य ठरते याचा विचार मांडला. अक्वायनसच्या अटी तीन: युद्ध पुकारणाऱ्याला तो अधिकार हवा, कारण न्याय्य हवे, हेतू शुद्ध हवा. या अटी लगाम म्हणून घातल्या होत्या. लोकांनी त्यांचा परवाना केला.

हे शोधताना दोन जुने नियम सापडले. त्यांनी मला त्या मुलाच्या प्रश्नाजवळ नेले. चौथ्या शतकातला कैसरियाचा बिशप बेसिल लिहितो, की युद्धातल्या हत्येला आपल्या पूर्वजांनी खून मानले नाही. तरीही अशा माणसांचे हात स्वच्छ नाहीत, म्हणून त्यांनी तीन वर्षे प्रभुभोजनापासून, म्हणजे उपासनेत घेतल्या जाणाऱ्या पवित्र भाकरी-द्राक्षारसापासून, दूर राहावे, असा सल्ला देणे बरे. दुसरा नियम इंग्लंडमधल्या हेस्टिंग्जच्या १०६६ च्या लढाईनंतरचा. ज्या नॉर्मन सैन्याच्या बाजूने चर्च उभे होते, त्याच सैन्याला बिशपांनी प्रायश्चित्त लावले: मारलेल्या प्रत्येक माणसामागे एक वर्ष. आपल्या बाणांनी किती मेले हे तिरंदाजाला कळत नाही, म्हणून त्याच्यासाठी चाळीस-चाळीस दिवसांचे तीन उपवासकाळ. कोणी तरी बसून तिरंदाजाच्या मनाचाही विचार केला होता! हे वाचून मी बराच वेळ पुस्तक मिटून बसलो.

आता क्रुसेड. १०९५ मध्ये क्लेरमाँच्या सभेत पोप अर्बन दुसरे यांनी जाहीर केले, की जो भक्तिभावाने जेरुसलेम सोडवायला जाईल, त्याला ती मोहीमच सर्व प्रायश्चित्ताच्या ठिकाणी धरली जाईल. हेस्टिंग्जला जेमतेम तीस वर्षे झाली होती. ज्या कृत्यासाठी प्रायश्चित्त घ्यायचे, तेच प्रायश्चित्त झाले. जुलै १०९९ मध्ये जेरुसलेममध्ये मुसलमान आणि यहुदी रहिवाशांची कत्तल झाली. त्या पत्रलेखकाला माझ्याकडे उत्तर नाही, आणि ते शोधायची माझी इच्छाही नाही.

पण आमच्या परंपरेत आस्पेरेनचा डर्क विलेम्सही आहे. हॉलंडमधला हा अ‍ॅनाबाप्टिस्ट पंथाचा माणूस, प्रौढपणी पुन्हा बाप्तिस्मा घेतल्याच्या आरोपाखाली कैदेत होता. चिंध्यांच्या गाठी मारलेल्या दोरावरून तो उतरला आणि गोठलेल्या पाण्यावरून पळाला. कैदेतल्या उपासमारीने हलका झालेला डर्क पार गेला. मागे धावणारा पहारेकरी बर्फ फुटून बुडू लागला. डर्क परत फिरला. त्याने त्याला बाहेर ओढले. पहारेकरी त्याला सोडून द्यायला तयार होता, पण नगराधिकाऱ्याने पहारेकऱ्याला त्याच्या शपथेची आठवण करून दिली आणि डर्क पुन्हा पकडला गेला. १६ मे १५६९ रोजी डर्कला जाळले, तेही ख्रिस्ती म्हणवणाऱ्यांनीच.

फ्रान्झ येगरश्टेटर हा ऑस्ट्रियातला शेतकरी, लहान मुलींचा बाप. हिटलरसाठी लढायला त्याने नकार दिला. तुझे कर्तव्य कुटुंबाकडे आहे, असे त्याच्या बिशपनेही सांगून पाहिले. ९ ऑगस्ट १९४३ रोजी त्याचा शिरच्छेद झाला. बरोबर दोन वर्षांनी, ९ ऑगस्टलाच, नागासाकीवर बॉम्ब पडला, तो उराकामीच्या कॅथेड्रलपासून सुमारे अर्ध्या किलोमीटरवर. पॅसिफिकमधल्या तिनियन बेटावर बॉम्ब टाकणाऱ्या त्या वैमानिकांचे धर्मगुरू असलेले फादर जॉर्ज झबेल्का पुढे जाहीरपणे कबुली देत राहिले, की आपण तेव्हा गप्प राहिलो.

मी स्वतः नकार देणाऱ्यांच्या बाजूचा आहे. शत्रूंवर प्रीती करा असे सांगणारे येशूचे डोंगरावरील प्रवचन मला दुसऱ्या रीतीने वाचता येत नाही. पण घरावर चालून आलेले सैन्य मी कधी पाहिलेले नाही, म्हणून जो लढायला गेला त्याचा न्याय मी करणार नाही. दीट्रिख बोनहॉफर हा शांततावादी पाळक हिटलरविरुद्धच्या कटात सामील झाला आणि एप्रिल १९४५ मध्ये फासावर गेला. त्यानेही आपले कृत्य निर्दोष ठरवले नाही. दोष अंगावर घेण्याचीच भाषा केली.

त्या मुलाचे वडील सुट्टीवर आले तेव्हा उपासना संपल्यावर मागच्या बाकावर बसून राहिले. उपासनेत त्यांचे नाव घेऊन टाळ्या वाजल्या होत्या. मी जवळ जाऊन बसलो, मुलाचा प्रश्न आणि माझे उत्तर दोन्ही सांगितले. ते म्हणाले, "टाळ्या वाजल्या की मला काही बोलताच येत नाही." मी वहीत उतरवलेले बेसिलचे वाक्य त्यांना दाखवले. ते वाईट वाटून घेतील असे मला भय होते. त्यांनी ते दोनदा वाचले आणि विचारले, "तीन वर्षांनी परत घ्यायचे ना पण?"

घ्यायचे, मी म्हणालो.

माझ्या ख्रिस्ती बंधुभगिनींना, पाळकांना आणि फादरांना एवढीच विनंती आहे. आपल्या सैनिकांच्या रक्षणासाठी प्रार्थना जरूर करा. पण त्याच उपासनेत पलीकडच्या मृतांसाठीही गुडघे टेका, आणि परत आलेल्या माणसाला टाळ्यांआधी दोन मिनिटांची शांतता द्या, म्हणजे त्याला बोलायचे असेल तर बोलता येईल.

आपला नम्र,
एक निवृत्त शिक्षक