शांत दिसणारा मृत्यू

महोदय,
फाशीऐवजी विषारी इंजेक्शन द्यावे, ते अधिक मानवी आहे, असा युक्तिवाद आपल्याकडे अधूनमधून केला जातो. ही पद्धत १९७७ मध्ये अमेरिकेतील ओक्लाहोमा राज्याने कायद्यात आणली आणि डिसेंबर १९८२ मध्ये टेक्ससने प्रथम वापरली. आधी भुलीचे, मग स्नायू लुळे पाडणारे आणि शेवटी हृदय थांबवणारे, अशी तीन औषधे त्यात दिली जात. मला खटकते ते मधले औषध. भूल अपुरी पडली, तर असह्य वेदना होत असूनही कैदी हलू वा ओरडू शकत नाही आणि पाहणाऱ्यांना मात्र तो शांत झोपल्यासारखा दिसतो. २०१४ मध्ये ओक्लाहोमातच क्लेटन लॉकेट या कैद्याच्या जांघेत टोचलेली सुई शिरेत नीट बसली नव्हती. वर चादर असल्याने तिथे आलेली सूज वेळीच कुणाला दिसली नाही आणि त्याला मृत्यू यायला ४३ मिनिटे लागली. भुलीचे थायोपेंटल अमेरिकेत मिळेनासे झाल्यावर नेब्रास्का राज्याने ते मुंबईच्या एका कंपनीकडून मागवले होते. मृत्युदंडासाठी ते यापुढे विकणार नाही, असे त्या कंपनीने २०११ मध्ये जाहीर केले, याचे मला मनापासून समाधान वाटते.
– एक वाचक, पुणे