मेसिएंच्या यादीआधीचे तारकागुच्छ

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवार पुरवणीतील तारकागुच्छांवरचा लेख मनापासून आवडला. कृत्तिकांचे छायाचित्र कापून वहीत चिकटवले आहे. मात्र त्यातले एक विधान खटकले. अठराव्या शतकातील फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ शार्ल मेसिए यांनी ११० तारकागुच्छ, तेजोमेघ आणि दीर्घिका 'शोधल्या', असे लेखात म्हटले आहे. हे विधान इतक्या ठिकाणी छापले गेले आहे की आता कोणी ते तपासतही नाही. त्यापायी काही माणसांवर फार मोठा अन्याय होतो, म्हणून हे पत्र.

मेसिए धूमकेतूंच्या मागावर होते. दुर्बिणीत धूसर ठिपका दिसायचा, आशा वाटायची, पण रात्रीमागून रात्री गेल्या तरी तो जागचा हलायचा नाही. अशा फसव्या ठिपक्यांमुळे पुन्हा वेळ जाऊ नये म्हणून त्यांनी यादी केली. ४५ नोंदींची पहिली यादी १७७४ मध्ये छापली गेली आणि १७८१ पर्यंत ती १०३ वर पोहोचली. पुढच्या सात नोंदी विसाव्या शतकात इतरांनी जोडल्या. या ११० पैकी मेसिए यांनी स्वतः सर्वप्रथम पाहिलेल्या वस्तू निम्म्याहूनही कमी आहेत. ४४ आणि ४५ या क्रमांकांवर पुष्यातला गुच्छ आणि कृत्तिका आहेत, जे माणूस हजारो वर्षे नुसत्या डोळ्यांनी पाहत आला आहे. वृश्चिकाच्या नांगीजवळचा एम ७ (म्हणजे मेसिएंच्या यादीतला सातवा) हा गुच्छ प्राचीन खगोलशास्त्रज्ञ टॉलेमी यांनी दुसऱ्या शतकातच नोंदवला होता. मेसिए प्रामाणिक होते. आधी कोणी पाहिल्याचे ठाऊक असेल तिथे ते त्याचे नाव लिहीत. ते नाव गाळतो ते आपण.

एक नाव मात्र त्यांनाही ठाऊक नव्हते. जोव्हान्नी बात्तिस्ता होदिएर्ना हे सिसिलीतले धर्मगुरू. साधारण वीसपट मोठे दाखवणाऱ्या साध्या दुर्बिणीतून त्यांनी आकाश पिंजून काढले आणि १६५४ मध्ये पालेर्मो येथे पुस्तक छापले. व्याधाच्या खालचा एम ४१, सारथी तारकासमूहातले एम ३६, एम ३७ आणि एम ३८ हे सारे त्यांच्या नोंदींत आहेत, मेसिएंच्या यादीच्या शंभराहून अधिक वर्षे आधी. मला त्याहून मोलाची वाटते ती त्यांची वर्गवारी. नुसत्या डोळ्यांनाच सुटे तारे दिसतात ते एका गटात, डोळ्यांना धूसर पण दुर्बिणीत तारे सुटे होतात ते दुसऱ्या गटात, आणि दुर्बिणीतही धूसरच राहतात ते तिसऱ्या गटात. 'हे धुके खरे आहे की आपली नजर कमी पडते?' हा प्रश्न पुढची दोन-अडीचशे वर्षे खगोलशास्त्राला पुरला. तो या माणसाने इतक्या लवकर ओळखला होता. पण पुस्तक सिसिलीबाहेर फारसे गेले नाही आणि १९८० च्या दशकापर्यंत ते कोणाच्या खिजगणतीतही नव्हते.

त्या प्रश्नाचे उत्तर किती निसरडे होते हे एम १३ वरून दिसते. शौरीतला हा गोलाकार गुच्छ एडमंड हॅली यांनी १७१४ मध्ये पाहिला. पुढे मेसिए यांनी पाहिला तेव्हा त्यात एकही तारा नाही अशी त्यांची खात्री झाली. माझ्या लहान दुर्बिणीतूनही तो तसाच दिसतो, कापसाच्या बोळ्यासारखा. विल्यम हर्शेल यांनी मोठ्या आरशाची दुर्बीण वापरली आणि त्या बोळ्याचे तारेच तारे झाले. आज तिथे काही लाख तारे असल्याचे आपण जाणतो.

हर्शेल म्हटले की भाऊच आठवतो. बहीण कॅरोलाईन यांनी १७८३ मध्ये शर्मिष्ठेतला एनजीसी ७७८९ (एनजीसी ही नंतरची एक मोठी यादी) हा सुंदर खुला, म्हणजे विरळ ताऱ्यांचा, गुच्छ शोधला. विल्यम यांनी आपल्या यादीत तिच्या शोधांपुढे तिची आद्याक्षरे लिहिली होती, हेही सांगायला हवे.

आणि इंग्रज शास्त्रज्ञ जॉन मिशेल! त्यांनी एकही गुच्छ नव्याने पाहिला नाही, म्हणून ते कोणत्याच यादीत नाहीत. १७६७ मध्ये त्यांनी गणित मांडले: तारे आकाशात कसेही विखुरले असते, तर कृत्तिकांमधले सहा ठळक तारे निव्वळ योगायोगाने इतके जवळ येण्याची शक्यता सुमारे पाच लाखांत एक. म्हणजे ते खरोखरच एकत्र आहेत. कृत्तिका हा 'गुच्छ' आहे हे सिद्ध करणारा माणूस शोधक नाही, तर कोण शोधक?

गुच्छांनी पुढे काय दाखवले ते लेखात अगदीच ओझरते आले. अमेरिकी खगोलशास्त्रज्ञ हार्लो शॅप्ली यांनी १९१८ च्या सुमारास गोलाकार गुच्छांची अंतरे मोजली, तेव्हा त्यांची गर्दी धनु राशीच्या दिशेला निघाली. सूर्य आकाशगंगेच्या मध्याशी नाही, हे असे कळले. शॅप्ली यांचे अंतरांचे आकडे मात्र बरेच फुगलेले होते. मग १९३० मध्ये खगोलशास्त्रज्ञ रॉबर्ट ट्रम्प्लर यांनी खुले गुच्छ घेतले. तेजावरून अंतर काढून आकार मोजला, तर दूरचे गुच्छ जवळच्यांपेक्षा मोठे निघू लागले. निसर्ग आपल्यापासूनचे अंतर पाहून गुच्छ वाढवील कशाला? ट्रम्प्लर यांनी निष्कर्ष काढला की मधल्या धुळीने प्रकाश मंदावतो आणि गुच्छ आहेत त्याहून दूर भासतात. हा युक्तिवाद मी पहिल्यांदा वाचला त्या रात्री मला झोप लागली नव्हती.

माझी विनंती साधी आहे. पुरवणीत गुच्छाचा क्रमांक छापाल तिथे तो प्रथम कोणी पाहिला आणि कोणत्या वर्षी, हेही कंसात द्यावे. एका ओळीचीही जागा लागणार नाही. हिवाळ्यात सारथीची पाळी येईल तेव्हा एम ३६, एम ३७ आणि एम ३८ या तिघांपुढे 'होदिएर्ना, १६५४ पूर्वी' असे छापलेले पाहायला मला फार आवडेल.

कळावे,
आपली,
एक नियमित वाचक