सर्बियन कॅमेरा आणि आपला पडदा

संपादक महोदय,

नोव्हेंबरात पणजीत इफ्फीचे (आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाचे) वेळापत्रक हाती पडले की आपण देश पाहतो, दिग्दर्शक पाहतो. छायालेखकाचे, म्हणजे कॅमेरा सांभाळणाऱ्याचे, नाव क्वचितच कोणी शोधतो. बोझिदार निकोलिच हे नाव मात्र जरूर शोधावे.

दिग्दर्शक स्लोबोदान शियान यांचा १९८० चा 'हूज सिंगिंग ओव्हर देअर' हा चित्रपट निकोलिच यांनी टिपला. ५ एप्रिल १९४१, युगोस्लाव्हियाची राजधानी बेलग्रेडवर बॉम्ब पडण्याच्या आदल्या दिवशी एक खटारा बस राजधानीकडे निघते. चित्रीकरण देलिब्लाटोच्या वाळूच्या माळावर झाले. भर उन्हात चालत्या बसमध्ये चेहरे टिपणे म्हणजे काय, हे दुपारच्या कदंबा बसमध्ये (गोव्याच्या एसटीत) मोबाइल काढून पाहिले तरी कळेल. चेहरा नीट दिसावा म्हणून एक्स्पोजर (कॅमेऱ्यात घेतला जाणारा उजेड) वाढवले की खिडकी पांढरीफटक, खिडकी सांभाळली की चेहरा काळा. दोन्ही हवे असेल तर काचांना एनडी फिल्टरची जेली, म्हणजे उजेड कमी करणारा राखाडी पारदर्शक कागद, लावतात (०.६ ची जेली दोन स्टॉप प्रकाश कापते, म्हणजे चौथा हिस्साच आत येतो), नाहीतर आत दिवे वाढवावे लागतात.

१९८२ च्या 'मॅरेथॉन फॅमिली'तही कॅमेरा त्यांचाच. १९८४ साली 'बाल्कन स्पाय'चे दिग्दर्शन त्यांनी लेखक दुशान कोवाचेविच यांच्यासोबत केले, पुढे स्वतंत्रपणेही चित्रपट केले. आमच्या मते खरे निकोलिच बसमध्येच भेटतात.

पण ते दिसायला पडदा धड हवा. जुना, कमी रुंदीचा चित्रपट १.८५ च्या (रुंदी उंचीच्या १.८५ पट) चौकटीत मोठा करून भरला की डोकी कापली जातात, कधी सबटायटलची खालची ओळही जाते. थ्रीडीचा फिल्टर प्रोजेक्टरसमोर तसाच राहिला तर निम्म्याहून अधिक उजेड तिथेच संपतो. कोऱ्या पांढऱ्या पडद्यावर १४ फूट-लॅम्बर्ट (पडद्यावरच्या उजेडाचे माप) भरले पाहिजेत. युरोपीय टीव्हीसाठीची डीव्हीडी सेकंदाला २४ ऐवजी २५ फ्रेमने धावते, त्यामुळे वेग सुमारे ४ टक्क्यांनी वाढतो आणि आवाजाची पट्टी चढते. बसमधले दोन रोमा गायक अकॉर्डियन आणि मोरचंगासारख्या वाद्यावर गातात. त्यांचे सूर बिघडले तर चित्रपटाचा कणाच गेला.

म्हणून आयोजकांना आणि फिल्म क्लबांना विनंती: माहितीपत्रकात छायालेखकाचे नाव आणि मूळ चौकटीचे माप छापा, आणि खेळाआधी पहिली पाच मिनिटे चालवून पाहा. प्रेक्षकांनीही डोकी कापलेली दिसताच उठून सांगावे. मध्यंतराची वाट पाहू नये. या चित्रपटांना मध्यंतर नसते.

— काही चित्रपटप्रेमी, फोंडा