हौशी हेरांची दाढी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीतला युद्धपटांवरचा लेख वाचला. निवड चांगली होती. पण दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिचच्या 'टू बी ऑर नॉट टू बी' या विनोदी चित्रपटाची (१९४२) लेखकाने 'पोरकट' या एका शब्दात बोळवण केली, ते पटलं नाही. उमेदीची सगळी वर्षं हौशी रंगभूमीवर घालवलेल्या माझ्यासारख्याला तो बघताना हसता हसता घाम फुटतो.

वॉर्सातली एक नाटक कंपनी. हिटलरला राग येऊ नये म्हणून त्यांचं नाझींवरचं नवं नाटक सरकारच बंद करतं आणि मंडळी 'हॅम्लेट'वर भागवतात. (त्यात स्वगत सुरू झालं की एक प्रेक्षक नेमाने उठून जातो. आपल्याकडे त्या जागी मोबाइल वाजतो.) मग जर्मन येतात. पाठोपाठ लंडनहून नाझींचा हेर प्राध्यापक सिलेट्स्की येतो, पोलिश वैमानिकांनी विश्वासाने दिलेले त्यांच्या घरच्यांचे पत्ते घेऊन. ते गेस्टापोच्या, म्हणजे नाझी गुप्त पोलिसांच्या, हाती पडू द्यायचे नाहीत. पण हेरगिरीचा गंध नसलेल्या या नटांकडे भांडवल ते काय? बंद पडलेल्या नाटकाचे गणवेश आणि नेपथ्य! थिएटरातच ते गेस्टापोचं कार्यालय थाटतात.

कंपनीचा मुख्य नट जोसेफ टुरा सिलेट्स्कीसमोर गेस्टापोचा कर्नल एरहार्ट बनून बसतो. पण पुढे बोलायचं काय? सुचत नाही, म्हणून 'म्हणजे मला तिकडे छळछावणी एरहार्ट म्हणतात तर!' हेच पुन्हा पुन्हा घोळवतो. आपण म्हणतो, काय हा ठोकळा नट! थोड्या वेळाने खरा एरहार्ट येतो आणि खुशीत येऊन अगदी तेच वाक्य टाकतो. टुराचा अंदाज बरोबर होता. हे दाखवायला हौशी हेरच हवा होता. कसलेला हेर वाक्य विसरला नसता.

आणि ती दाढी! सिलेट्स्की मारला जातो, टुरा त्याचं सोंग घेतो आणि सिलेट्स्कीच्या वेषातल्या टुराला गेस्टापोवाले खऱ्या सिलेट्स्कीच्या प्रेतासोबत एका खोलीत बसवतात. हा पठ्ठ्या प्रेताची दाढी भादरतो आणि खिशातली जादा दाढी त्याला चिकटवतो. स्पर्धेच्या एका प्रयोगात स्पिरिट गमने दगा दिला आणि माझी मिशी ओठावर लोंबू लागली, तेव्हा सभागृह हसलं आणि आमचा नंबर गेला. टुराचा जीव गेला असता.

तेव्हाही लोक चिडले होतेच. नायिका कॅरोल लोम्बार्ड चित्रपट लागण्याआधी, जानेवारी १९४२ मध्ये विमान अपघातात गेली होती. हसण्याची मनःस्थिती कुणाची नव्हती. लुबिच बर्लिनचा ज्यू. त्याने मार्चमध्ये 'न्यूयॉर्क टाइम्स'मधून उत्तर दिलं, त्याचा आशय असा : माझे नाझी चाबूक फिरवत नाहीत, ती पायरी त्यांनी कधीच ओलांडली, दुकानदाराने पिशव्यांच्या खपाबद्दल बोलावं तसे ते छळाबद्दल बोलतात. याला पोरकट म्हणायचं?

टुरा झालेला जॅक बेनी स्वतःच सांगत असे की, मुलाला नाझी गणवेशात पाहताच त्याचे वडील थिएटरातून उठून गेले. त्याने समजूत काढल्यावर ते पुन्हा गेले आणि मग कितीतरी वेळा गेले. आपल्या लेखकांनीही निदान एकदा पुन्हा बघावा, ही विनंती.

आपला,
एक हौशी नट, मिरज